घंटेतलं गवत

पिएत्राप्याना, ३ सप्टेंबर १९५७

बेरार्दो,

हे वाचून झालं की लगेच उत्तर लिही. नुसता आशीर्वाद पाठवू नकोस. तुझे आशीर्वाद माझ्याकडे डबाभर साठलेत, त्यातल्या एकानेही चूल पेटली नाही.

काल पोस्टमन बिशपांच्या न्यायालयाचा लखोटा घेऊन आला. मेल्याने सही चौकात घेतली, सगळ्या बायका नळावर असताना. मला वाटलं विताले मेला. दहा वर्षं झाली त्याला बेल्जियमच्या खाणीत जाऊन, शेवटची सहा तर एक ओळसुद्धा नाही. म्हटलं, छत कोसळलं असेल अंगावर, पेटीतून काळे कपडे काढावे लागतील. पण नाही. धडधाकट आहे. त्याला आमचं लग्न रद्द करून हवंय. मोडून नव्हे. ते कधी झालंच नव्हतं असं लिहून हवंय. बावीस वर्षं मी याच्या घरात भाकऱ्या थापल्या, याच्या आईचं हगणंमुतणं काढलं, पोर जन्माला घातली, आणि लग्न झालंच नव्हतं!

कागदावर एक शब्द तीन वेळा आलाय. सुब्रेप्तिओ. शाळेच्या बाईंकडे नेला. त्यांनी चष्मा पुसला नि म्हणाल्या, "लॅटिन आहे." ते तर आमच्या कोंबडीलाही कळलं असतं. मग औषधवाल्याकडे गेले. तो म्हणतो, "लोरेता, हे पोटाचं काहीतरी असणार. जेवणानंतर होतं का?"

तू माझा सख्खा भाऊ, बिशपांच्या कचेरीत चिटणीस. तुझ्या टेबलावरून असले कागद जातात. तर हे थांबव. विताले दोनातो काकांचा मुलगा, माझा सख्खा चुलत, म्हणून लग्नाला रोमची सूट लागत होती. ती आली होती. तूच तर आणलीस. रोमचा तो कागद अजून माझ्या पलंगावर, मारियामातेच्या तसबिरीमागे आहे, लाख लागलेली बाजू वर. गरज पडली तर तोच घेऊन जाईन नि त्या न्यायाधीशांच्या नाकावर टिच्चून ठेवीन.

एर्सिलियाचं नाझारेनोशी लग्न जानेवारीतल्या तीन राजांच्या सणानंतर ठरलंय. तिची होणारी सासू विन्चेन्झा आज सकाळी मुद्दाम दळणाच्या वेळी आली. म्हणते, "लोरेता, उद्या पत्रिकेत मुलीच्या आईला श्रीमती लिहायचं की कुमारी?" हसत म्हणाली. मी पिठाचा हात तसाच तिच्या काळ्या शालीवर ठेवला नि म्हटलं, "आत्ता तरी तुझ्या शालीला पांढरी लिही."

त्या शब्दाचा अर्थ कळव.

लोरेता


बिशपनिवास, ९ सप्टेंबर १९५७

प्रिय ताई,

तुझे पत्र पोचले. तू संतापली आहेस हे समजते, पण चौकात काही बोलू नकोस अशी माझी कळकळीची विनंती आहे. असल्या प्रकरणांत गप्प राहणारा जिंकतो.

तो शब्द वकिली आहे. फार जुना आहे आणि क्वचितच वापरला जातो. अर्जातल्या काही त्रुटींसंबंधी आहे. तुला त्याचा अर्थ सांगून काही उपयोग नाही, उगाच डोक्याला ताप. परदेशात असल्या कल्पना विकणारे वकील पुष्कळ असतात.

एकच गोष्ट कर. तसबिरीमागचा कागद मला पाठवून दे. मंगळवारच्या बसचा चालक ओळखीचा आहे, त्याच्या हाती जाड पाकिटात घालून दे. कागद उलगडू नकोस, फाटेल. कोणाला दाखवू नकोस. न्यायालयाला परस्पर उत्तरही देऊ नकोस. मी सगळे बघतो.

एर्सिलियाला आशीर्वाद.

तुझा धाकटा भाऊ,
बेरार्दो


पिएत्राप्याना, १६ सप्टेंबर १९५७

बेरार्दो,

मी तुला अर्थ विचारला होता. तू मला बसच्या चालकाची ओळख कळवलीस.

कागद मिळणार नाही. मारियामातेची तसबीर केशराची फुलं येईपर्यंत भिंतीवरून उतरवत नाहीत, हे आईने तुलाही शिकवलं होतं, की पाद्र्यांच्या सेमिनरीत विसरवलं? आणि तो माझ्या हातात असला की मला बरं वाटतं. तुला ठाऊक नाही, मी किती वेळा त्या तसबिरीमागे हात घातला असेल. विताले पिऊन आला, पट्टा काढला, की मी मागे हात घालायची. म्हणायची, लोरेता, पोपने हो म्हटलंय, यात काहीतरी देवाचं असेल. सासूने ताट भिरकावलं की हात घालायची. उलगडला कधीच नाही. पोपचा कागद कोण उलगडतं? आणि मला तिसरीपर्यंतची अक्षरं, तीसुद्धा फादर पानफिलोंनी चर्चच्या ओट्यावर शिकवलेली. लॅटिन काय कळणार.

मला विताले नको होता. आठवतं ना? मला क्विरिनो हवा होता, गवंडी, त्या गालावर व्रण असलेला. पण बाबा गेले होते, आई काकांच्या ओसरीवर बसून खात होती, आणि काकांना दोन्हीकडची शेतं एका कुंपणात हवी होती. मी रडले नाही. मी म्हटलं, चुलत भावाशी लग्न म्हणजे रोमला विचारावं लागतं, तर विचारा. रोम हो म्हणालं तर विताले. नाही म्हणालं तर क्विरिनो, आणि मग कोणी तोंड उघडायचं नाही. काकांनी पावाच्या कणकेवर हात ठेवून शपथ घेतली. क्विरिनोही थांबला. मी नऊ शुक्रवार उपास केला, रोमने नाही म्हणावं म्हणून. हे मी तुला त्या वेळी सांगितलं होतं, फक्त तुला.

आणि तो दिवस. ऑक्टोबर, फुलांचे दिवस. तू नि विताले खेचर घेऊन शहरात उत्तर आणायला गेलात. मी म्हटलं, मला तुमच्या तोंडून ऐकायला थांबता यायचं नाही, लांबूनच कळलं पाहिजे. घरात कोणी गेलं की आपण खेचराच्या घंटेत गवत कोंबतो ना, तसंच ठरवलं. नकार असेल तर गवत कोंबून मुकी घंटा आणायची. होकार असेल तर वाजू द्यायची. घराला नकार म्हणजे दुःख, मला सण. मी ओंजळभर फुलं घेऊन शेतात उभी होते. वळणावर चॅपेलपाशी खेचर दिसलं. आणि घंटा वाजली.

फुलं सांडली माझ्या हातून. मी ती वेचली, तुमच्याकडून कागद घेतला आणि घरी गेले. क्विरिनो अल्बेनियाच्या युद्धात गेला, त्याचा नुसता जेवणाचा डबा परत आला.

आता सांग. त्या शब्दाचा अर्थ काय आणि तुला माझा कागद कशाला हवा?

लोरेता


बिशपनिवास, २१ सप्टेंबर १९५७

प्रिय ताई,

तू जुन्या गोष्टी उकरून स्वतःला त्रास करून घेतेस.

ठीक आहे, अर्थ सांगतो. चर्चकडे एखादी सूट मागताना जे सांगणे आवश्यक असते ते कोणी झाकून ठेवले, आणि सूट मिळाली, तर त्या झाकण्याला सुब्रेप्तिओ म्हणतात. अशी सूट मुळातच पोकळ ठरते, आणि तिच्यावर उभे राहिलेले लग्नही. वितालेच्या वकिलाचे म्हणणे असे, की रोमने आधी काही आक्षेप घेतला होता, आणि नंतर आपल्या बिशपांकडे दुसरा अर्ज करताना तो त्यांना कळवला गेला नाही. असे झाले असेलच, तर ते फादर पानफिलोंच्या हातून झाले असणार. अर्जावर सही त्यांची आहे. शेवटी त्यांना दिसतही नव्हते. देव त्यांना शांती देवो.

सोबत एक निवेदन टंकलिखित करून पाठवतो. त्यात एवढेच आहे, की फादर पानफिलोंनी तेव्हा तुम्हा सगळ्यांना सर्व वाचून दाखवले होते आणि तुला सर्व ठाऊक होते. खाली सही कर. तुला ठाऊक होते म्हटले की तू फसवली गेलीस असे कोणी म्हणू शकणार नाही, आणि प्रकरण निवेल. कागदासह परत पाठव.

नाताळापूर्वी कॅथेड्रलमध्ये मला मानाची जागा मिळण्याचे बोलणे चालू आहे. आई असती तर किती आनंदली असती. अशा वेळी कुटुंबाचे नाव न्यायालयात नको, एवढे तू समजशील.

बेरार्दो


पिएत्राप्याना, २८ सप्टेंबर १९५७

विताले,

पत्ता न्यायालयाच्या कागदावरून उतरवून घेतला. माझी तब्येत विचारू नकोस, तू विचारणार नाहीसच.

तुला मोकळं व्हायचंय तर हो. पण मला एक सांग. रोमचा आक्षेप म्हणजे काय? बेरार्दो म्हणतो फादर पानफिलोंनी लपवला. फादर पानफिलोंनी आयुष्यात एक गोष्ट लपवली, सॅक्रिस्टीतल्या झग्यांच्या कपाटातली ब्रँडी, आणि ती आख्ख्या गावाला ठाऊक होती.

खरं लिही. मला मारायला तुझा हात कधी कचरला नाही, लिहायलाही कचरू नये.

लोरेता


शार्लरुआजवळ, ८ ऑक्टोबर १९५७

लोरेता,

मी लिहिणारा माणूस नाही. हे शेजारच्या खोलीतल्या कालाब्रियाच्या माणसाकडून लिहून घेतो आहे. तो कोणाला सांगणार नाही, त्याला स्वतःच्याच भानगडी पुष्कळ आहेत.

इथे एक बाई आहे. तिच्यापासून चार वर्षांचा मुलगा आहे. त्याला माझं नाव द्यायचंय. माझी छाती गेली आहे, दगडाची धूळ. डॉक्टर तोंडावर काही बोलत नाहीत. म्हणून घाई. आधी बेरार्दोला लिहिलं होतं, काही मार्ग आहे का. तो म्हणाला, काहीच नाही, पुन्हा लिहू नकोस. मग वकील गाठला आणि त्याला ते जुनं सगळं सांगितलं. कोणी लपवलं म्हणून त्याने विचारलं. मी म्हटलं, एका पाद्र्याने. नाव घेतलं नाही. बेरार्दो नि मी एका खेचरावर बसून मोठे झालो.

आता ऐक. शहरात बेरार्दोने उत्तर उघडलं, वाचलं आणि पांढरा पडला. म्हणाला, रोम नाही म्हणतंय. मी शिवी घातली. वाटेत ओढ्याजवळ उतरलो, त्याने गवत उपटलं आणि घंटेत कोंबलं, तुझ्याशी ठरल्याप्रमाणे. मीच धरून ठेवली होती घंटा. मग आम्ही दोन तास चाललो. चॅपेलच्या वळणावर त्याने खेचर थांबवलं. म्हणाला, हे लग्न झालं नाही तर तुझा बाप मला गिरणीखालचं शेत देणार नाही, आणि नावावर जमीन नसली तर मला कोणी फादर करणार नाही. मी म्हटलं, मग काय करायचं? तो म्हणाला, काही करायचं नाही, बिशपांकडे नव्याने मागू, हे उत्तर मधे आणायचं नाही. आणि बोट घालून गवत काढलं.

मला थांबवता आलं असतं. नाही थांबवलं. मला तू हवी होतीस, आणि शेतही.

तू समोर आलीस नि हात पुढे केलास, रोमचा कागद मला दे म्हणून. त्याच्याकडे एकच कागद होता. त्याने तोच दिला. तो नकार आहे, लोरेता. तू जो पलंगावर टांगलास तो. पहिल्या रात्री तू त्याच्याकडे बघून क्रॉस केलास, तेव्हा मी उठून बाटली शोधली. नंतर दारू सोपी होती.

पट्ट्यासाठी क्षमा मागून काही होत नाही, कालाब्रियावाला म्हणतो तरी लिही. म्हणून लिहिलं.

विताले


पिएत्राप्याना, २० ऑक्टोबर १९५७

फादर बेरार्दो,

फुलं चालू आहेत. उजाडायच्या आत शेतात, ऊन चढायच्या आत घरात, मग दिवसभर टेबलाभोवती बसून एकेका फुलातले तीन लाल तंतू काढायचे. बोटं पिवळी झाली आहेत, कागदावर डाग पडले तर पडू देत.

पहिलं फूल घरात आलं त्या दिवशी तसबीर उतरवली, रीतीप्रमाणे. कागद काढला नि सरळ खालच्या गावात गुरांच्या डॉक्टरकडे गेले. तो चार वर्षं सेमिनरीत होता, मग एक बाई दिसली नि पळाला. या प्रांतात लॅटिन येणारा नि खोटं न बोलणारा तेवढाच माणूस माझ्या ओळखीचा. तो गाईच्या पोटात कोपरापर्यंत हात घालून उभा होता. म्हणाला, "थांब लोरेता, वासरू आडवं आलंय." थांबले. तेवीस वर्षं थांबले होते, तिथे एक वासरू काय.

मग हात धुतले त्याने, कागद खिडकीशी नेला, नि वरपासून खालपर्यंत दोनदा वाचला. मी म्हटलं, "बोला ना, वासरू मेलं का?" त्याने खालच्या ओळीवर बोट ठेवलं. म्हणाला, "लिहिलंय, ही सूट देणं उचित नाही." मी म्हटलं, "परत वाचा." त्याने परत वाचलं. "उचित नाही."

नऊ शुक्रवार मी उपास केला होता, बेरार्दो. देवाने ऐकलं होतं. रोमने ऐकलं होतं. तो नकार मी मागितलेला नकार होता, माझ्या नावाने आलेला. तो माझ्या हातात दिलास, आणि मी तो छातीशी धरून लग्नाला उभी राहिले. पट्टा पडला की मी त्याच्यासाठी तसबिरीमागे हात घालत होते! अरे, ज्याने मला सोडवलं असतं त्यालाच मी विनवत होते, सोसायला बळ दे म्हणून.

आणि तू दर वर्षी मारियामातेच्या सणाला येतोस. माझ्या हातची मसुरीची आमटी खातोस. त्या पलंगाशेजारच्या खुर्चीत बसतोस. भिंतीकडे बघतोस. तिथेच बसून एकदा मला म्हणालास, "ताई, सोसणं हीसुद्धा प्रार्थनाच असते." आमटी कशी उतरत होती रे घशाखाली?

तुझं निवेदन चुलीत घातलं. "सर्व ठाऊक होते"! त्याच्यावर केशर वाळवलं. चांगलं वाळलं.

माझ्याशी शब्दांचे खेळ करू नकोस आता. तू मला फसवलंस, एवढं लिही. एक ओळ.

लोरेता


बिशपनिवास, २६ ऑक्टोबर १९५७

ताई,

एका ओळीत मावत नाही.

मी तुझ्याशी खोटे बोललो नाही. हे तू शांतपणे ऐक. कायद्यात दोन शब्द आहेत. खोटे सांगून मिळवणे याला ओब्रेप्तिओ म्हणतात, आणि खरे झाकून मिळवणे याला सुब्रेप्तिओ. मी पहिले केले नाही. "रोम हो म्हणाले" असे वाक्य माझ्या तोंडून कधी निघाले नाही. तू विचारलेस, "उत्तर आले?" मी म्हणालो, "आले." तू हात पुढे केलास, मी कागद दिला. बाकी तू समजलीस. मी गप्प राहिलो, एवढेच.

ही मखलाशी आहे हे मलाही समजते. पण तेवीस वर्षे मी या दोन शब्दांमधल्या फटीत राहतो आहे, ताई. दुसरे घर नाही मला.

मी बावीस वर्षांचा होतो. नावावर शेत नाही त्याला दीक्षा नाही, हा तेव्हाचा नियम. काकांनी स्पष्ट सांगितले होते, लोरेता या घरात येईल तर गिरणीखालचे शेत तुझे. नाहीतर परत ये आणि माझी मेंढरे राख. आई माझ्यासाठी पांढरा झगा विणत होती, सुई दिसत नसताना. दुसरा अर्ज मीच लिहिला. फादर पानफिलोंना मजकूर वाचून दाखवला, पहिल्या उत्तराचा उल्लेख सोडून. त्यांनी माझ्यावर विश्वास ठेवून सही केली. मला वाटले, विताले वाईट नाही, तुझे बरे होईल, आणि मी रोज तुझ्यासाठी मिस्साची प्रार्थना म्हणेन. म्हणत आलो आहे.

आता व्यवहाराचे बोलू. तो कागद जाळ. कागद नसला तर उरते फक्त वितालेचे बोलणे, आणि त्याने तुला कसे वागवले हे सगळ्यांना माहीत आहे, त्याच्यावर कोणी विश्वास ठेवणार नाही. तुझे लग्न टिकेल. पहिल्या पत्रात तुला हेच हवे होते ना? एर्सिलियाचे लग्न वाजतगाजत होईल, विन्चेन्झाचे तोंड बंद होईल. कागद न्यायालयात दिलास तर बावीस वर्षे तू कोणाचीच बायको नव्हतीस असे चर्चच्या दारावर लागेल. आणि सुटेल कोण? विताले. ज्याने तुला मारले तो.

त्यात तुझे काय भले आहे ते मला सांग.

माझ्यासाठी नको. एर्सिलियासाठी जाळ.

बेरार्दो


पिएत्राप्याना, १४ नोव्हेंबर १९५७

बेरार्दो,

फुलं संपली. मंगळवारी मी तुझ्या शहरात येऊन गेले. तुझ्या खिडकीखालून गेले, पडदा हलला, तूच असशील.

तुझं म्हणणं खोटं नव्हतं. जाळला असता तर मी मागितलेलं सगळं मिळत होतं. दोन दिवस कागद चुलीशेजारी ठेवला होता. मग एर्सिलियाला समोर बसवलं नि सगळं सांगितलं, तुझ्या पत्रांसकट. म्हटलं, हे बाहेर आलं तर तुझं लग्न मोडू शकतं, तू म्हणशील तसं करते. ती तंतू काढत होती, हात थांबला नाही तिचा. म्हणाली, "आई, तू एकदा तरी विचारलंस. तुला कोणी विचारलं होतं?" मग म्हणाली, "नाझारेनोला मी सांगते. त्याच्या आईला तू सांग, मला तिची भीती वाटते."

नाझारेनोने ऐकून घेतलं नि म्हणाला, तारीख बदलायची नाही. विन्चेन्झाला मी नळावर गाठलं. सगळ्यांसमोर सांगितलं, चौकातच सही केली होती ना. तिने नळ बंद केला. मग म्हणाली, "म्हणजे नऊ शुक्रवारांनी खरंच होतं?" मी म्हटलं, "होतं. फक्त उत्तर स्वतः आणायला जा." तिने माझी बादली उचलून घरापर्यंत आणली. 

न्यायालयात तीन म्हातारे फादर होते आणि एक लिहिणारा. मी कागद टेबलावर ठेवला. मधल्याने वाचला, शेजारच्याला दिला. मला विचारलं, "बाई, यात काय लिहिलंय ते तुम्हाला लग्नाआधी ठाऊक होतं का?" मी म्हटलं, "नाही. असतं तर मी आज एका गवंड्याची विधवा असते, आणि आनंदाने."

मग तो म्हणाला, "अर्जावर फादर पानफिलोंची सही आहे. त्यांनीच हे लपवलं असं समजायचं का?" मी म्हटलं, "नाही. लिहून घ्या. त्यांनी नाही." ज्या माणसाने मला अक्षरं दिली, त्याच्या थडग्यावर मी हे टाकू देणार नव्हते.

"मग हा कागद तुम्हाला कोणी दिला?"

मी गप्प बसले.

त्याने तीनदा विचारलं. तिसऱ्यांदा आवाज चढवून. लिहिणाऱ्याने लेखणी उचलून धरली होती, शाईचा थेंब पडला खाली. मी खोटं बोलले नाही, बेरार्दो. मला ठाऊक नाही असं म्हटलं नाही. फक्त तोंड उघडलं नाही. तुझाच तो शब्द, सुब्रेप्तिओ, माझ्याही अंगाला बसतो की नाही बघितलं. घट्ट होतो. श्वास घेता येत नाही. तू तेवीस वर्षं कसा वापरलास?

त्यांनी मला मुदत दिली आहे, महिनाअखेरच्या संत आंद्रेयाच्या दिवसापर्यंत. तोवर मी बोलले नाही तर तसंच लिहून पुढचा निकाल देतील. लग्न रद्द होणार हे आता ठरल्यासारखंच आहे. विताले सुटेल. सुटू दे, त्या पोराने काय केलंय. माझं म्हणशील, तर लिहिणाऱ्याने जाताना विचारलं, "बाई, तुमचं नाव आता काय लावायचं?" मी म्हटलं, "लोरेता लावा. तेवढं पूर्वीपासून माझंच आहे."

मी तुला वाचवायला गप्प बसले नाही, हे डोक्यातून काढ. तुला वाचवायची इच्छा त्या गुरांच्या डॉक्टरच्या खिडकीशी संपली. मी गप्प बसले, कारण हे माझ्या तोंडून निघालं तर तू पकडला गेलास, एवढंच होईल. मला ते नकोय. मला ते तुझ्या तोंडून हवंय. एकदा तरी.

गिरणीखालच्या शेतातले केशराचे कंद मी उपटून घेतले आहेत. वीस वर्षं ते शेत मी कसलं, तू फादर राहावास म्हणून. आता कुदळ तुझ्याकडे.

या पत्रासोबत बसच्या चालकाकडे एक पुडकं दिलंय, तुझ्या त्याच ओळखीच्या चालकाकडे. त्यात खेचराची घंटा आहे. खेचर कधीच मेलं, घंटा मी ठेवली होती. तिच्यात गवत कोंबलं आहे. माझं तोंड जसं कोंबून आले तसंच.

काढायचं की नाही ते तू ठरव. फार वेळ लागत नाही, तुला माहीत आहे.

लोरेता